पार्टिशनच्या प्रोग्रामला लायब्ररी फाइल सापडत नसेल तर

प्रश्न थोडक्यात असा आहे. डिस्कची पार्टिशन्स, म्हणजे डिस्कचे पाडलेले भाग, बदलणारा प्रोग्राम उघडायला गेलं की लिनक्सवर ‘लिबपार्टेड.एसओ.२ सापडत नाही’ किंवा विंडोजवर ‘अमुक डीएलएल या संगणकावर नाही’ असा संदेश येतो आणि प्रोग्राम बंद होतो. ती फाइल इंटरनेटवर सुटी मिळते. ती उतरवून नेमक्या फोल्डरमध्ये टाकली तर चालेल का? या लायब्ररी फाइल्स, म्हणजे अनेक प्रोग्राम मिळून वापरतात त्या तयार कोडच्या फाइल्स (लिनक्सवर एसओ, विंडोजवर डीएलएल), करतात तरी काय? आणि फाइल गेली म्हणजे डिस्कवरचा डेटाही धोक्यात आला का?

शेवटच्या प्रश्नाचं उत्तर आधी देतो, कारण डेटाच्या भीतीनं माणूस घाई करतो आणि खरं नुकसान त्या घाईत होतं. लायब्ररीची फाइल हरवल्यामुळे तुमच्या एकाही पार्टिशनला धक्का लागलेला नाही. संगणक सुरू होताना पार्टिशन टेबल (कुठलं पार्टिशन कुठे आणि केवढं, याची डिस्कवरची नोंद) वाचतं ते कर्नल, म्हणजे ऑपरेटिंग सिस्टिमचा गाभा, आणि ते वाचण्याचा कोड कर्नलच्या आतच असतो. लिबपार्टेड किंवा लिबएफडिस्क या लिनक्सवरच्या पार्टिशनच्या लायब्ररी मशीनवर अजिबात नसल्या तरी पार्टिशन्स दिसतात आणि त्यांतल्या फाइल्स उघडतात. या लायब्ररी लागतात त्या टेबल बदलायच्या वेळी. म्हणजे आत्ता तुमच्याकडे बदल करण्याचं साधन नाही, इतकंच. डेटा जिथे होता तिथेच आहे.

सुटी फाइल आणून टाकायची का, याला माझं उत्तर ठाम ‘नाही’ आहे. ज्या पॅकेजमधून (प्रोग्राम किंवा लायब्ररी बसवण्याच्या गठ्ठ्यातून) ती फाइल येते ते अख्खं पॅकेज पुन्हा बसवा. एवढ्यानं काम भागत असेल तर पुढचं वाचायची गरज नाही. पण कारण समजून घेतलंत तर पुढच्या वेळी वेगळ्या नावाची फाइल हरवली तरी तुम्ही अडणार नाही.

पार्टिशन टेबल ही तशी फार लहान गोष्ट आहे. एमबीआर ही जुनी पद्धत १९८३ मध्ये पीसी डॉस २.० बरोबर आली. डिस्कच्या पहिल्या ५१२ बाइटच्या सेक्टरमध्ये (सेक्टर म्हणजे डिस्क एका वेळी वाचते-लिहिते तेवढा तुकडा) ४४६व्या बाइटपासून चार नोंदी, प्रत्येक नोंद १६ बाइटची, आणि शेवटी ५५ व एए हे खुणेचे दोन बाइट. सेक्टर क्रमांकासाठी ३२ बिट असल्यामुळे ५१२ बाइटच्या सेक्टरवर ही पद्धत २ टेबिबाइटच्या पुढे जात नाही. जीपीटी या नव्या पद्धतीत पहिल्या सेक्टरमध्ये नावापुरतं एमबीआर राहतं, त्यानंतरच्या सेक्टरमध्ये हेडर, आणि मग साधारणपणे १२८ बाइटच्या १२८ नोंदी. हेडर आणि नोंदींची दुसरी प्रत डिस्कच्या अगदी शेवटी असते. हेडर आणि नोंदी या दोन्हींची सीआरसी, म्हणजे चूक पकडण्यासाठीची बेरीज, हेडरमध्ये लिहिलेली असते, त्यामुळे एक बाइट जरी चुकीचा पडला तरी ती प्रत बाद ठरते.

हे वाचायला शंभरेक ओळींचा कोड पुरतो. मग स्वतंत्र लायब्ररी कशाला? कारण वाचणं सोपं आहे, लिहिणं नाही. लिहिताना सेक्टर ५१२ बाइटचा आहे की ४०९६चा हे डिव्हाइसला विचारावं लागतं. नवं पार्टिशन १ मेबिबाइटच्या हद्दीवर, म्हणजे ५१२ बाइटच्या हिशेबानं २०४८च्या पटीतल्या सेक्टरवर सुरू होईल हे पाहावं लागतं. जुने प्रोग्राम ६३व्या सेक्टरवर सुरुवात करायचे. आतून ४०९६ बाइटचे सेक्टर असलेल्या डिस्कवर त्या सवयीमुळे फाइल सिस्टिमचा (पार्टिशनमध्ये फाइल्स मांडणाऱ्या व्यवस्थेचा) प्रत्येक ब्लॉक दोन सेक्टरांवर पसरतो आणि लिहिण्याचा वेग पडतो. एमबीआरमधल्या एक्स्टेंडेड पार्टिशनच्या आत लॉजिकल पार्टिशन्सची साखळी असते. तिच्यातला एक दुवा चुकला तर त्यापुढची सगळी पार्टिशन्स दिसेनाशी होतात. जीपीटीत दोन्ही प्रती आणि चारही बेरजा एकमेकांशी जुळाव्या लागतात. व्हर्च्युअल मशीनची डिस्क वाढवली की शेवटी असलेली प्रत एकदम मध्येच कुठेतरी राहते. ते ओळखून ‘सगळी जागा वापरात नाही, टेबल दुरुस्त करू का’ असं विचारायची जबाबदारीही लायब्ररीचीच.

लिहून झाल्यावर आणखी एक पायरी असते, आणि लोक गोंधळतात ते इथेच. लिबपार्टेडमध्ये बदल पक्का करणारं काम दोन भागांत होतं. पहिल्या भागात नवं टेबल डिस्कवर लिहिलं जातं. दुसऱ्या भागात ते कर्नलला कळवलं जातं, कारण कर्नलनं सुरुवातीला वाचलेलं टेबल त्याच्या मेमरीत असतं आणि डिस्कवरचे बाइट बदलले म्हणून ते आपोआप बदलत नाही. बदललेलं एखादं पार्टिशन माउंट केलेलं, म्हणजे वापरात घेतलेलं, असेल तर पहिला भाग यशस्वी होतो आणि दुसरा अडतो. मग संदेश येतो की बदल लिहिले आहेत, पण कर्नलला कळवता आले नाहीत, आता मशीन रीस्टार्ट करा. हा संदेश गंभीरपणे घ्या. त्या क्षणी डिस्कवरचं टेबल एक सांगत असतं आणि कर्नल दुसरं मानून चाललेलं असतं. अशा अवस्थेत नवी फाइल सिस्टिम बनवायला घेतली तर ती जुन्या हद्दींनुसार लिहिली जाईल. आधी रीस्टार्ट, मग पुढचं काम.

लिनक्सवर हे काम करणारी दोन घराणी आहेत. थोरलं लिबपार्टेड. जीपार्टेड, पार्टेड, पार्टप्रोब आणि डेबियनच्या इन्स्टॉलरमधला पार्टिशनचा भाग त्याच्यावर उभे आहेत. जुन्या काळी लिबपार्टेड फाइल सिस्टिमही लहानमोठी करायचं. २०११ मध्ये पार्टेड ३.० आलं तेव्हा तो सगळा कोड काढला गेला. ३.१ मध्ये फॅट आणि एचएफएस यांच्यापुरता तो लिबपार्टेड-एफएस-रिसाइझ या वेगळ्या लायब्ररीत परत आला. त्यामुळे जुने लेख वाचून कुणी पार्टेडमध्ये फाइल सिस्टिमसकट पार्टिशन बनवायची कमांड शोधत असेल तर ती आता नाही. आजच्या पार्टेडमध्ये पार्टिशन बनवताना ‘ईएक्सटी४’ असं लिहिलं तरी फक्त प्रकाराची नोंद होते, फाइल सिस्टिम तयार होत नाही. ती नंतर वेगळी बनवावी लागते. यावर अनेकांचा बराच वेळ वाया जातो, म्हणून मुद्दाम सांगितलं.

दुसरं घराणं लिबएफडिस्क. एफडिस्क, सीएफडिस्क आणि एसएफडिस्क हे तिन्ही प्रोग्राम पूर्वी आपापला कोड घेऊन फिरायचे. २०१५ मध्ये युटिल-लिनक्स या त्यांच्या पॅकेजच्या २.२६ आवृत्तीपासून तिघांखाली लिबएफडिस्क ही एकच सार्वजनिक लायब्ररी आली. केडीई पार्टिशन मॅनेजर आधी लिबपार्टेडवर होता. त्याच्या आतला केपीएमकोर आवृत्ती ४.० पासून एसएफडिस्कच्या आधारे काम करतो. कॅलामारेस हा इन्स्टॉलर केपीएमकोर वापरतो, म्हणजे त्याचीही वाट शेवटी लिबएफडिस्ककडेच जाते. जीडिस्क हा पार्टिशनचा प्रोग्राम मात्र दोन्ही घराण्यांबाहेरचा. जीपीटी हाताळण्याचा कोड त्याचा स्वतःचा आहे, त्यामुळे लिबपार्टेड बिघडलं असलं तरी जीडिस्क चालू शकतो. अडचणीत हे लक्षात असू द्या.

या दोघांभोवती मदतनीस लायब्ररी असतात आणि बऱ्याचदा हरवलेली फाइल त्यांच्यापैकी एखादी निघते. लिबयूयूआयडी जीपीटीसाठी ओळखक्रमांक तयार करते. लिबडेव्हमॅपर एलव्हीएम आणि तत्सम आभासी डिस्कांशी बोलते. लिबब्लकआयडी पार्टिशनवर कुठली फाइल सिस्टिम आहे ते ओळखते, आणि माझ्या मते सगळ्यांत कमी लेखली गेलेली लायब्ररी हीच. माउंट, यूडेव्ह, वाइपएफएस, इन्स्टॉलर हे सगळे तिच्यावर विसंबून असतात. डिस्कवर जुन्या रेडची (अनेक डिस्क एकत्र जोडण्याच्या पद्धतीची) किंवा दुसऱ्या एखाद्या फाइल सिस्टिमची खूण उरली असेल तर लिबब्लकआयडीला एकाच जागी दोन उत्तरं मिळतात. अशा वेळी ती कुठलंच उत्तर देत नाही, आणि तेच योग्य आहे. वापरणाऱ्याला मात्र ‘पार्टिशन ओळखता आलं नाही’ एवढंच दिसतं आणि तो लायब्ररी बिघडली असं समजून बसतो. वाइपएफएस नुसती डिस्क सांगून चालवा, कुठलाही पर्याय देऊ नका. तो काहीही न पुसता कोणकोणत्या खुणा सापडल्या ते दाखवतो. कारण तिथेच कळतं.

आणखी एक फरक नीट समजून घ्या. जीपार्टेड उघडतच नसेल तर लायब्ररी हरवली आहे. जीपार्टेड उघडतो पण एनटीएफएस (विंडोजची फाइल सिस्टिम) लहान करायचा पर्याय फिका दिसतो, तर लायब्ररी जागेवर आहे आणि बाहेरचा मदतनीस प्रोग्राम नाही. बहुतेक फाइल सिस्टिमचं काम जीपार्टेड स्वतः करत नाही. ईएक्सटी४साठी रिसाइझ२एफएस आणि एनटीएफएससाठी एनटीएफएसरिसाइझ असे प्रोग्राम तो हाक मारून बोलावतो. त्याच्या व्ह्यू मेनूत फाइल सिस्टिम सपोर्टचा तक्ता आहे. कोणत्या फाइल सिस्टिमवर काय करता येईल आणि नसेल तर कुठलं पॅकेज हवं ते त्यात लिहिलेलं असतं.

आता ‘.एसओ.२’ मधल्या त्या दोनाकडे वळू. हा आकडा लायब्ररीची आवृत्ती सांगत नाही. प्रोग्राम आणि लायब्ररी यांच्यात जो करार झाला, त्याचा तो क्रमांक असतो. करार मोडेल असा बदल झाला की क्रमांक वाढतो. जुना प्रोग्राम ‘.एसओ.१’ मागत असेल आणि मशीनवर ‘.एसओ.२’ असेल तर दोघांची भाषा वेगळी आहे. इथे सर्रास दिला जाणारा सल्ला म्हणजे जुन्या नावाची सिमलिंक बनवून ती नव्या फाइलकडे वळवणं. दुसऱ्या एखाद्या लायब्ररीत हा प्रकार फसला तर फार तर प्रोग्राम कोसळेल. पार्टिशनच्या लायब्ररीत तो कधीच करू नका, आणि त्याचं कारण अगदी ठोस आहे. लिबपार्टेड आपल्या रचना प्रोग्रामसमोर उघड्या ठेवतं. पार्टिशन कुठे सुरू होतं, किती लांब आहे, डिस्कचा सेक्टर केवढा आहे, हे सगळं प्रोग्राम थेट त्या रचनेतल्या ठरावीक जागेवरून वाचतो. नव्या आवृत्तीत रचनेत एक रकाना मध्येच वाढला असेल तर जुना प्रोग्राम ‘सुरुवात’ समजून भलताच आकडा उचलू शकतो. प्रोग्राम कोसळत नाही, एररही येत नाही, आणि तो आकडा टेबलात लिहिला जातो. यापेक्षा प्रोग्राम न उघडणं कितीतरी बरं.

लिबएफडिस्क इथे जास्त सुरक्षित आहे, कारण तिच्या रचना बंद आहेत आणि आतली माहिती फंक्शनमधूनच मिळते. शिवाय तिच्या प्रत्येक फंक्शनवर ते कोणत्या आवृत्तीत आलं त्याचा शिक्का असतो. म्हणून ‘एफडिस्क_२.३८ सापडलं नाही’ अशा धर्तीचा संदेश आला तर फाइल हरवलेली नसते, ती प्रोग्रामच्या मानानं जुनी असते. उपाय पुन्हा तोच, पॅकेज अद्ययावत करणं.

लिनक्सवर प्रत्यक्षात काय करायचं ते सांगतो. आधी प्रोग्रामवर एलडीडी चालवा. त्याला लागणाऱ्या सगळ्या लायब्ररींची यादी येते आणि जी मिळाली नाही तिच्यापुढे ‘नॉट फाउंड’ असं दिसतं. मात्र जो प्रोग्राम विश्वासाच्या जागेवरून आलेला नाही त्याच्यावर एलडीडी चालवू नका, कारण काही परिस्थितीत एलडीडी तपासता तपासता त्या प्रोग्रामचा कोड चालवू शकतो. तिथे रीडईएलएफ वापरा, तो फक्त फाइल वाचतो.

नाव कळलं की पॅकेज शोधा. डेबियन आणि उबुंटू यांच्यात लिबपार्टेडचं पॅकेज वेगळं असतं. वेळ ६४ बिटमध्ये साठवण्याच्या बदलानंतर, म्हणजे उबुंटू २४.०४ आणि डेबियन १३ पासून, त्याचं नाव लिबपार्टेड२टी६४ झालं आहे. आतल्या फाइलचं नाव अजूनही लिबपार्टेड.एसओ.२ हेच आहे, तेव्हा नाव बदललेलं पाहून दचकू नका. फेडोरा आणि आर्चमध्ये ही फाइल पार्टेड याच पॅकेजात येते. पॅकेज आधीच बसलेलं दिसत असेल तर डीपीकेजी किंवा आरपीएमच्या पडताळणीच्या पर्यायानं फाइल्स जशा आल्या तशाच आहेत का ते पाहा आणि मग पॅकेज पुन्हा बसवा. अर्धवट अपडेट हे यामागचं नेहमीचं कारण असतं. लायब्ररी पुढे गेली, प्रोग्राम मागे राहिला. अशा वेळी एकेक पॅकेज ओढत बसू नका, पूर्ण सिस्टिम अपडेट करा.

दुसरं नेहमीचं कारण म्हणजे कधीतरी कुणीतरी सोर्सवरून बांधून लोकल फोल्डरमध्ये ठेवलेली दुसरी प्रत. काही डिस्ट्रिब्युशनमध्ये ती प्रत मूळ लायब्ररीच्या आधी सापडते, आणि डिस्ट्रिब्युशनचा जीपार्टेड नकळत तिच्याशी जोडला जातो. ‘अनडिफाइन्ड सिम्बॉल’ असा संदेश दिसला की पहिला संशय यावरच घ्या. एलडीडीच्या यादीत प्रत्येक नावापुढे फाइलचा पूर्ण मार्ग असतो, तिथे लोकल असा फोल्डर दिसतोय का ते पाहा. दिसला तर ती प्रत काढा आणि एलडीकॉन्फिग चालवा, म्हणजे सिस्टिमकडची लायब्ररींची यादी नव्यानं तयार होईल. उलट तुम्ही स्वतःच बांधलेला पार्टेड वापरायचा असेल आणि तो लायब्ररी सापडत नाही म्हणत असेल, तर बसवल्यावर एलडीकॉन्फिग चालवायचं राहिलं असण्याची शक्यता मोठी. लायब्ररी कुठे शोधायची ते सांगणारं एलडी_लायब्ररी_पाथ हे व्हेरिएबल भरून सुडोनं (म्हणजे रूट या सर्वाधिकारी खात्याच्या अधिकारात) प्रोग्राम चालवण्याच्या नादी लागू नका. सुडो ते व्हेरिएबल मुद्दाम काढून टाकतो, नाहीतर कुणीही आपली लायब्ररी रूटच्या अधिकारात घुसवू शकला असता.

या सगळ्यात वेळ घालवायचा नसेल तर जीपार्टेड लाइव्ह किंवा सिस्टिमरेस्क्यू पेनड्राइव्हवर घेऊन त्यावरून मशीन सुरू करा. त्यात प्रोग्राम आणि लायब्ररी एकमेकांशी जुळलेल्या असतात. शिवाय तुमची डिस्क त्या वेळी वापरात नसल्यामुळे कर्नलला कळवण्याची वर सांगितलेली अडचणही येत नाही. सिस्टिमच्या मुख्य पार्टिशनची हद्द हलवायची असेल तर लायब्ररी धडधाकट असली तरी मी हाच मार्ग निवडतो.

विंडोजवर चित्र वेगळं आहे. तिथे पार्टिशन टेबल बदलण्याचा खरा अधिकार कर्नलमधल्या ड्रायव्हरकडे असतो आणि प्रोग्राम त्याला विनंती पाठवतात. डिस्कपार्ट आणि डिस्क मॅनेजमेंट ही विनंती व्हर्च्युअल डिस्क सर्व्हिसमार्फत करतात. व्हीडीएसबेस.डीएलएल आणि व्हीडीएसडिन.डीएलएल या तिच्या लायब्ररी, पहिली बेसिक डिस्कांसाठी, दुसरी डायनॅमिक डिस्कांसाठी. फॉरमॅट आणि चेकडिस्कचं काम एफएमआयएफएस.डीएलएल आणि तिच्या मागच्या यूएनटीएफएस.डीएलएल, यूफॅट.डीएलएल यांच्याकडे असतं. ‘व्हर्च्युअल डिस्क सर्व्हिसशी संपर्क होत नाही’ असा संदेश आला तर आधी सर्व्हिसेसमध्ये ती सर्व्हिस डिसेबल्ड केलेली नाही ना ते पाहा. ती मॅन्युअलवर असणं ठीक आहे, लागेल तेव्हा ती सुरू होते. या फाइल्स खरोखरच बिघडल्या असतील तर अॅडमिनिस्ट्रेटरच्या कमांड खिडकीत आधी डिझमचा रिस्टोअरहेल्थ आणि नंतर एसएफसी स्कॅननाऊ चालवा. विंडोजच्या स्वतःच्या डीएलएल दुसऱ्या मशीनवरून कॉपी करू नका. बिल्ड वेगळी असेल तर आतल्या फाइल्स एकमेकांशी जुळत नाहीत.

बाहेरून घेतलेल्या पार्टिशन प्रोग्रामची तक्रार बहुधा निराळीच असते. एमएसव्हीसीपी१४०.डीएलएल किंवा व्हीसीरनटाइम१४०.डीएलएल सापडत नाही असं तो म्हणतो. या फाइल्सचा डिस्कशी काडीचाही संबंध नाही, त्या व्हिज्युअल सी++ च्या रनटाइमचा भाग आहेत. मायक्रोसॉफ्टचं रीडिस्ट्रिब्युटेबल पॅकेज बसवलं की काम झालं. प्रोग्राम ३२ बिटचा असेल तर विंडोज ६४ बिटचं असलं तरी पॅकेजही ३२ बिटचंच लागतं. इथे सुटी डीएलएल आणणारे हमखास अडकतात. ६४ बिट विंडोजवर सिस्टिम३२ या फोल्डरमध्ये ६४ बिटच्या डीएलएल असतात आणि ३२ बिटच्या सिसवॉव६४ मध्ये. नावं अगदी उलटी वाटतात, पण व्यवस्था तशीच आहे. चुकीच्या फोल्डरमध्ये चुकीची फाइल पडली की ०एक्ससी०००००७बी हा एरर येतो आणि माणूस तिसऱ्याच फाइलच्या शोधात निघतो. रेगएसव्हीआर३२नं डीएलएल रजिस्टर करण्याचा सल्लाही इथे लागू नाही. ज्या डीएलएलमध्ये स्वतःला रजिस्टर करण्याचं फंक्शन असतं त्यांनाच तो लागू पडतो, आणि रनटाइमच्या या फाइल्समध्ये ते नसतं.

प्रोग्रामची स्वतःचीच डीएलएल गायब असेल तर अँटिव्हायरसच्या क्वारंटाइनमध्ये पाहा. डिस्कवर थेट लिहिणाऱ्या फाइल्सवर अँटिव्हायरस संशय घेतो, आणि तो नेहमी चुकतो असंही नाही. इन्स्टॉलर निर्मात्याच्या जागेवरून पुन्हा उतरवा आणि फाइलच्या प्रॉपर्टीजमध्ये डिजिटल सिग्नेचर वैध आहे का ते तपासा.

सुट्या डीएलएलला मी इतका विरोध का करतो, त्याचं मूळ कारण हे. विंडोज बहुतेक डीएलएल आधी प्रोग्रामच्या स्वतःच्या फोल्डरमध्ये शोधतं. पार्टिशनचा प्रोग्राम अॅडमिनिस्ट्रेटर म्हणूनच चालतो, नाहीतर त्याला डिस्कवर लिहिता येत नाही. म्हणजे त्या फोल्डरमध्ये तुम्ही जी फाइल ठेवाल तिला पूर्ण डिस्कवर, पहिल्या सेक्टरसकट, काहीही लिहिण्याचा अधिकार मिळतो. फाइल कुणी बांधली, तिच्यात काय भरलं, हे नावावरून कळत नाही. ती फाइल निरुपद्रवी निघाली आणि फक्त आवृत्ती चुकीची असली, तरी चुकीच्या आवृत्तीचं काय होतं ते वर लिबपार्टेडच्या उदाहरणात आलंच आहे.

मॅकवर हा प्रश्न जवळपास उद्भवत नाही. डिस्क युटिलिटी आणि डिस्कयुटिल सिस्टिमचीच फ्रेमवर्क वापरतात. मॅकओएस ११ पासून सिस्टिमच्या बहुतेक लायब्ररी एका सामायिक कॅशमध्ये असतात, फोल्डरमध्ये सुट्या दिसतच नाहीत. तिथे फाइल दिसली नाही म्हणजे ती हरवली, असा अर्थ काढू नका.

तुम्ही स्वतः असा प्रोग्राम लिहिणार असाल तर माझं मत लिबएफडिस्कच्या बाजूनं आहे. तिच्या रचना बंद असल्याचा फायदा वर सांगितलाच. शिवाय तिचा परवाना एलजीपीएल आहे, तर लिबपार्टेडचा जीपीएल. तुमचा प्रोग्राम जीपीएलखाली द्यायचा नसेल तर निवड इथेच ठरते. जुन्या आणि विरळ प्रकारची टेबलं, उदाहरणार्थ अमिगाची किंवा जुन्या मॅकची, हाताळायची असतील तर मात्र लिबपार्टेडच हवं.

लायब्ररी परत आली, प्रोग्राम उघडला, तरी लगेच काही बदलू नका. आधी आहे ते टेबल जपून ठेवा. एसएफडिस्कचा डंप हा पर्याय ते साध्या मजकुरात देतो, जीपीटीसाठी एसजीडिस्कचा बॅकअपही चालेल. ती फाइल ज्या डिस्कवर काम करायचं तिच्यावर ठेवू नका, दुसरीकडे ठेवा. मग प्रोग्राम दाखवत असलेली यादी आणि कर्नलला दिसणारी यादी शेजारी ठेवून ताडून पाहा. प्रत्येक पार्टिशनची सुरुवात आणि लांबी जुळली पाहिजे.

हे ताडताना एक गोष्ट माहीत हवी. लिनक्सच्या सिस फोल्डरमध्ये पार्टिशनची सुरुवात आणि लांबी नेहमी ५१२ बाइटच्या एककात असते, डिस्कचा सेक्टर कितीही असो. ४०९६ बाइटच्या सेक्टरची डिस्क असेल तर एफडिस्कचा आकडा त्याच्या बरोबर एक अष्टमांश दिसेल, आणि ते योग्यच आहे. पण तीच डिस्क आधी एका बाहेरच्या यूएसबी खोक्यात होती आणि आता थेट मशीनला जोडली आहे, किंवा याच्या उलट, अशी स्थिती असेल तर सावध राहा. काही खोकी ५१२ बाइटचे सेक्टर ४०९६चे म्हणून पुढे करतात. जीपीटीचं हेडर दुसऱ्या सेक्टरमध्ये असतं, म्हणजे एका हिशेबानं ५१२व्या बाइटवर आणि दुसऱ्या हिशेबानं ४०९६व्या बाइटवर. खोकं बदललं की लायब्ररी ठरलेल्या जागी पाहते, तिथे हेडर नसतं, आणि प्रोग्राम सांगतो की डिस्क रिकामी आहे, नवं टेबल बनवू का. तिथे ‘हो’ म्हणू नका. डिस्क ज्या खोक्यात पार्टिशन झाली होती त्याच खोक्यात परत घाला, डेटा दुसरीकडे उतरवून घ्या, आणि मगच नव्या जागी नवं टेबल बनवा.